मोबाईलच्या पडद्यामागील बालशोषण : ओळख, कायदा आणि तक्रारीचा मार्ग



गेल्या वर्षी समितीच्या अभ्यासिकेत पालकांची सभा भरली होती. विषय होता ‘मुले आणि मोबाईल’. सभा आटोपत आली असता मागच्या रांगेतील एक वयोवृद्ध गृहस्थ उभे राहिले. गिरणीत सारा जन्म काढलेला, सरळ मनाचा माणूस. ते म्हणाले, “सर, एका लहान मुलीवर अत्याचार होत असल्याचा व्हिडिओ मला कोणीतरी पाठवला. बघून माझे डोके भडकले. त्या नराधमाला कोणीतरी ओळखेल, पोलीस त्याला धरतील, म्हणून मी तो आमच्या तीन ग्रुपवर टाकला. सगळ्यांना सांगितले, पुढे पाठवा. आता नातू म्हणतो, आजोबा, तुम्ही गुन्हा केला. माझे काय चुकले ते सांगा.”

प्रश्न प्रामाणिक होता. सभेत शांतता पसरली, कारण तो व्हिडिओ आणखी किती जणांच्या मोबाईलमध्ये आहे हे ज्याचे त्याला ठाऊक होते. खेदाने नमूद करावे लागते की, त्या वेळी मला नीट उत्तर देता आले नाही. “कायद्याने गुन्हा आहे, बाबा,” एवढे बोलून मी वेळ मारून नेली. नंतर कायद्याची पुस्तके चाळली, जाणकार वकील मित्रांशी बोललो. प्रस्तुत लेख म्हणजे त्या प्रश्नाला उशिरा दिलेले उत्तर आहे असे समजावे.

रोग जुना, वाहन नवे

हे सारे संकट मोबाईलने आणले, असा आपल्यापैकी अनेकांचा समज आहे. तो खरा नाही. १९९१ साली गोव्यात फ्रेडी पीट्स नावाच्या इसमास अटक झाली. मडगाव परिसरात तो अनाथ व गरीब मुलांसाठी आश्रम चालवीत असे. समाजात त्याला मान होता, लोक त्याला देणग्या देत. पोलिसांना त्याच्या ताब्यात मुलांची दोन हजारांहून अधिक अश्लील छायाचित्रे सापडली. आश्रमातील मुलांवर तो स्वतः अत्याचार करी आणि परदेशातून येणाऱ्या पुरुषांच्याही हवाली त्यांना करी, हे पुढे उघड झाले. १९९६ मध्ये न्यायालयाने त्याला जन्मठेप सुनावली. आपल्या देशात सर्वसामान्यांना इंटरनेट मिळू लागले ते १९९५ मध्ये, म्हणजे या अटकेनंतर चार वर्षांनी. मुलांचे शोषण, त्याची छायाचित्रे आणि ती पाहणारे गिऱ्हाईक, ही साखळी त्याआधीच तयार होती. इंटरनेटने तिला वेग दिला आणि कॅमेरा प्रत्येकाच्या खिशात आणून ठेवला.

या प्रकरणानंतरच्या काळात गोव्याने २००३ मध्ये स्वतःचा बालक कायदा केला. त्यातील एक तरतूद मला फार अर्थपूर्ण वाटते. फोटोची फिल्म धुणाऱ्या व्यावसायिकाला धुतलेल्या फिल्ममध्ये मुलांची लैंगिक वा अश्लील चित्रे आढळली, तर त्याने जवळच्या पोलीस ठाण्यास कळवावे, असे बंधन त्याच्यावर घालण्यात आले. त्या काळी अशा छायाचित्राला अनेकदा तिसऱ्या माणसाच्या हातातून जावे लागे. शोषण करणारा एक, विकत घेणारा दुसरा आणि मध्ये फिल्म धुणारा तिसरा. या तिसऱ्याने गप्प बसू नये, एवढीच कायद्याची अपेक्षा होती. ‘लैंगिक अपराधांपासून बालकांचे संरक्षण अधिनियम २०१२’, ज्याला आपण पॉक्सो म्हणतो, त्याच्या कलम २० मध्येही प्रसारमाध्यमे, हॉटेल, लॉज, रुग्णालय, क्लब, फोटो स्टुडिओ यांच्यावर हीच जबाबदारी टाकलेली आहे.

फिल्म धुण्याची ती दुकाने आता जवळजवळ बंद झाली, परंतु तिसरा माणूस काही नाहीसा झाला नाही. सभेत उभे राहिलेले आमचे बाबा हेच आजचे तिसरे माणूस. त्यांच्या हाती ते चित्र आले, त्यांनी ओळखले की हा अत्याचार आहे, आणि पोलीस ठाण्याचा रस्ता सोडून ते तीन ग्रुपकडे वळले.

चुकले ते काय?

पहिली गोष्ट कायद्याची. माहिती तंत्रज्ञान अधिनियम २००० मध्ये दुरुस्ती होऊन ‘६७ ब’ हे कलम आले व ते २००९ पासून अमलात आहे. मुलांना लैंगिक कृत्यात दाखवणारे साहित्य तयार करणे, प्रसिद्ध करणे व पाठवणे, तसेच ते गोळा करणे, शोधणे, पाहणे, उतरवून घेणे हे सर्व या कलमाखाली गुन्हे आहेत. पहिल्या अपराधाला पाच वर्षांपर्यंत कारावास व दहा लाखांपर्यंत दंड, आणि पुन्हा केल्यास सात वर्षांपर्यंत कारावास. पॉक्सोच्या कलम १५ मध्ये असे साहित्य पुढे पाठवण्यासाठी वा दाखवण्यासाठी जवळ बाळगणे हाही गुन्हा आहे. त्याला अपवाद दोनच : तक्रार करण्यासाठी आणि न्यायालयात पुरावा म्हणून. ‘लोक जागे व्हावेत म्हणून’ हा अपवाद त्यात कोठेही नाही.

२३ सप्टेंबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने या कलमाचा सविस्तर अर्थ लावला. मद्रास उच्च न्यायालयाने त्याच वर्षाच्या आरंभी, मोबाईलमध्ये असे साहित्य नुसते उतरवून घेणे व पाहणे हा गुन्हा नव्हे, असा निर्णय दिला होता. सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द ठरवला. असे साहित्य जवळ असून ते नष्ट केले नाही वा पोलिसांना कळवले नाही, तर त्यावरून बाळगणाऱ्याचा हेतू तपासता येतो, असे न्यायालयाने म्हटले. याच निकालात आणखी एक सूचना आहे, तिच्याकडे विद्यार्थ्यांनी विशेष लक्ष द्यावे. ‘बाल अश्लील चित्रण’ अशा अर्थाचा शब्द वापरू नये, ‘बाल लैंगिक शोषण व अत्याचाराचे साहित्य’ म्हणावे, असे न्यायालयाने सुचवले आहे. कोणी म्हणेल, शब्द बदलून काय होणार? परंतु ‘अश्लील’ या शब्दात दुखावते ती पाहणाऱ्याची सभ्यता. ज्या मुलीवर तो प्रसंग ओढवला तिची वेदना त्या शब्दात येतच नाही. आपण ‘घाण व्हिडिओ’ म्हणतो आणि नाक मुरडून बाजूला होतो. तो घाण व्हिडिओ नव्हे, ते गुन्ह्याचे घटनास्थळ आहे.

दुसरी गोष्ट त्या मुलीची. ती जिवंत आहे, कोठेतरी शाळेत जात आहे, मोठी होत आहे असे क्षणभर समजू या. बाबांच्या तीन ग्रुपांत मिळून पाचशे माणसे असतील. ज्या प्रसंगाची आठवण तिला नकोशी आहे तो आणखी पाचशे अनोळखी माणसांनी पाहिला. त्यातील दहा जणांनी पुढे पाठवला. तिच्या गावातील, तिच्या वर्गातील कोणापर्यंत तो कधी पोहोचेल याचा नेम नाही. तिला न्याय मिळावा म्हणून केलेल्या कृतीने तिचा छळ लांबवला.

आणि तिसरी गोष्ट तपासाची. पोलिसांना हवा असतो व्हिडिओचा उगम : कोणत्या खात्यावरून आला, कोणत्या क्रमांकावरून आला, किती वाजता आला. शंभर हातांतून फिरलेल्या प्रतीपेक्षा बाबांना ज्या क्रमांकावरून व्हिडिओ आला तो क्रमांक अधिक मोलाचा होता.

पॉक्सो कायद्याची २०१९ मध्ये दुरुस्ती झाली, तेव्हा संगणकावर बनवलेली, खऱ्या मुलासारखीच भासणारी चित्रेही या व्याख्येत आली. त्यामुळे वर्गातील मुलीचा चेहरा दुसऱ्या शरीरावर चिकटवून ‘गंमत’ करणाऱ्या विद्यार्थ्यांनी हे नीट लक्षात ठेवावे. कृत्रिम बुद्धिमत्तेच्या साधनांनी ही ‘गंमत’ फार सोपी केली आहे.

जाळे कसे टाकले जाते

आता पालकांसाठी थोडे. मुलांना फसवणारा माणूस भेसूर चेहऱ्याचा, अनोळखी असेल असे आपल्याला वाटते. प्रत्यक्षात तो गोड बोलतो. मोबाईलवरील खेळात तो मुलाचा जोडीदार असतो, इन्स्टाग्रामवर तो तिच्याच वयाची मैत्रीण असतो. कधी तो ओळखीचाच असतो : नातेवाईक, शेजारी, शिकवणीचा शिक्षक. आधी कौतुक करतो. घरात कोणी समजून घेत नाही ही मुलाची तक्रार मन लावून ऐकतो. मग म्हणतो, आपले बोलणे आपल्यातच राहू दे. रिचार्ज करून देतो, खेळातील नाणी देतो. पुढे साधा फोटो मागतो, नंतर तसला फोटो मागतो. तो एकदा हाती लागला की भाषा बदलते : आणखी पाठव, नाहीतर तुझ्या बापाला, शाळेला, सगळ्या ग्रुपला पाठवतो. मुलाने काहीच पाठवले नसले तरी त्याचा चेहरा वापरून बनवलेला खोटा फोटो दाखवून तीच धमकी देता येते. खरे असो वा बनावट, अशा चित्राची धमकी देणे हा पॉक्सोच्या कलम ११ खाली लैंगिक छळ आहे. मोबाईलवरून मुलाचा सतत पाठलाग करणे हाही त्याच कलमात येतो.

मुलगा आहे म्हणून निर्धास्त राहणारे पालक मला पुष्कळ भेटतात. हा कायदा मुलगा-मुलगी असा भेद करीत नाही. अठरा वर्षांखालील प्रत्येक व्यक्ती त्यात बालक आहे. मुलीच्या नावाने खाते उघडून किशोरवयीन मुलांना गाठायचे, फोटो काढून घ्यायचा आणि पैसे मागायचे, हा प्रकार आता जगभर चालतो. असा मुलगा घरातून पैसे चोरतो, जेवत नाही, रात्री जागतो, आणि आपण त्याला परीक्षेची भीती वाटते असे समजतो.

येथे आपल्या घरांबद्दल स्पष्ट बोलणे भाग आहे. मूल आपल्याला का सांगत नाही? कारण सांगितल्यावर काय होईल हे त्याला पक्के माहीत असते. मुलगा असेल तर मार, मोबाईल जप्त. मुलगी असेल तर शाळा बंद आणि स्थळे पाहायला सुरुवात. धमकी देणाऱ्यालाही हे माहीत असते. त्याचे निम्मे काम आपला घरचा धाकच करून टाकतो. “तुझ्या घरी कळले तर?” या एका वाक्यावर त्याचा सारा धंदा उभा आहे. ज्या घरात या प्रश्नाचे उत्तर “कळू दे की” असे असते, तेथे त्याचे काही चालत नाही.

म्हणून मूल सांगू लागले की मध्येच ‘पण तू पाठवलाच कशाला?’ असे विचारू नये. तो प्रश्न मनात येणारच. माझ्याही मनात आला असता. तो गिळावा. ‘बरे झाले सांगितलेस, यात तुझा दोष नाही, आता आपण दोघे बघू,’ एवढे म्हणावे. त्या माणसाला पैसे देऊ नयेत. एकदा दिले की मागणी वाढते. त्याला फोन करून शिव्या देण्याचा मोह आवरावा, नाहीतर तो खाते बंद करून पसार होतो. रागाच्या भरात मुलाच्या मोबाईलमधील संभाषण पुसू नये. खात्याचे नाव, लिंक, दूरध्वनी क्रमांक, दिनांक, वेळ वहीत लिहून घ्यावे. धमकीच्या मजकुराचा स्क्रीनशॉट घ्यायला हरकत नाही, परंतु मुलाच्या नग्न चित्राची प्रत मात्र कोणी करू नये, वकील काकांना दाखवायलासुद्धा नाही. मोबाईल तसाच घेऊन पोलिसांकडे जावे.

कोठे कळवावे

केंद्र सरकारचे राष्ट्रीय सायबर गुन्हे तक्रार पोर्टल आहे. त्याचा पत्ता सायबरक्राइम डॉट गव्ह डॉट इन. हे पोर्टल कसे जन्मले हे सांगण्यासारखे आहे. २०१५ मध्ये हैदराबादच्या ‘प्रज्वला’ संस्थेने सर्वोच्च न्यायालयाच्या सरन्यायाधीशांना एक पत्र लिहिले. बलात्काराचे व्हिडिओ व्हॉट्सअ‍ॅपवरून सर्रास फिरत आहेत, हे त्या पत्रात मांडले होते आणि सोबत पुरावाही जोडला होता. संस्थेच्या सुनीता कृष्णन यांच्या त्या पत्राची न्यायालयाने स्वतःहून याचिका करून घेतली. सुनावणी चालू राहिली, समिती नेमली गेली, आणि सप्टेंबर २०१८ मध्ये स्त्रिया व मुलांविरुद्धच्या अशा साहित्याच्या तक्रारींसाठी पोर्टल सुरू झाले. २०१९ मध्ये त्यात इतर सायबर गुन्हेही घेण्यात आले. म्हणजे त्या संस्थेच्याही हाती तसलेच व्हिडिओ आले होते, जसे आमच्या बाबांच्या हाती आला. तिने ते न्यायालयाकडे पाठवले.

या पोर्टलवर मुलांच्या शोषणाच्या साहित्याची तक्रार आपले नाव न देताही करता येते. पुढे पाठपुरावा करायचा असेल तर मात्र नाव व मोबाईल क्रमांक देऊनच नोंदवावी. १९३० हा दूरध्वनी पैशांच्या सायबर फसवणुकीसाठी आहे. धमकीपोटी मुलाने पैसे भरले असतील तर तेथे विनाविलंब कळवावे. मूल आत्ता, या क्षणी संकटात असेल तर ११२ किंवा १०९८. यातील १०९८ ही ‘चाइल्डलाइन’ १९९६ मध्ये आपल्या मुंबईतच सुरू झाली. आता ती सरकारमार्फत चालते. मूल स्वतःही हा क्रमांक फिरवू शकते, आणि त्याला पैसे पडत नाहीत.

पोलीस ठाण्यात जायला आपली माणसे कचरतात. त्याला कारणेही आहेत, मी ती नाकारत नाही. परंतु पॉक्सोने मुलासाठी काही हक्क ठेवले आहेत, ते आपल्याला माहीत असले म्हणजे बोलण्यात जोर येतो. मुलाचा जबाब त्याच्या घरी किंवा त्याला सोयीच्या ठिकाणी घ्यायचा असतो, शक्यतो महिला उपनिरीक्षक वा वरच्या दर्जाच्या महिला अधिकाऱ्याने, आणि गणवेश न घालता. आई-वडील किंवा मुलाचा विश्वास असलेली व्यक्ती जवळ असावी लागते. मुलाला रात्री ठाण्यात ठेवता येत नाही. पोलिसांनी चोवीस तासांत बाल कल्याण समितीला व विशेष न्यायालयाला कळवले पाहिजे. ‘ही आमची हद्द नाही’ असे उत्तर मिळाले, तर १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम १७३ दाखवावे. गुन्हा कोणत्याही हद्दीत घडला असला तरी माहिती नोंदवून घ्यावीच लागते. नोंद न करणे हा पॉक्सोच्या कलम २१ खाली पोलिसांसाठीही गुन्हा आहे.

तक्रार झाली तरी फोटो जगभर फिरतच राहणार ना, असे मुले विचारतात. पूर्ण बंदोबस्त होतो असे खोटे आश्वासन मी देणार नाही. परंतु उपाय आहे. जसा माणसाच्या बोटाचा ठसा, तसा प्रत्येक फोटोचाही आकड्यांत ठसा काढता येतो. २००९ मध्ये मायक्रोसॉफ्ट कंपनीने प्राध्यापक हॅनी फरीद यांच्या सहकार्याने ही युक्ती मुलांच्या शोषणाची चित्रे ओळखण्यासाठी तयार केली. अमेरिकेतील बेपत्ता व शोषित मुलांसाठीच्या राष्ट्रीय केंद्राने २०२३ मध्ये याच तत्त्वावर ‘टेक इट डाउन’ ही विनामूल्य सेवा जाहीर केली. अठरा वर्षांखाली असताना काढलेला आपला तसा फोटो असेल, तर मूल आपल्याच मोबाईलवर त्याचा ठसा तयार करते. फोटो मोबाईलमधून बाहेर जात नाही, फक्त तो आकडा जातो, आणि सहभागी कंपन्या त्या आकड्याशी जुळणारे फोटो शोधून काढून टाकतात. नाव विचारले जात नाही. ज्या कंपन्या सहभागी नाहीत तेथे, आणि कुलूपबंद खासगी संदेशांत, याचा उपयोग होत नाही, ही त्याची मर्यादा. शिवाय भारतात प्रत्येक मोठ्या कंपनीला तक्रार निवारण अधिकारी नेमावा लागतो. नग्न वा बनावट चित्र हटवण्याची मुदत २०२१ च्या नियमांत २४ तासांची होती. अ‍ॅपमधील ‘रिपोर्ट’चे बटण दाबण्यापूर्वी लिंक व खात्याचे नाव वहीत उतरवावे, कारण मजकूर हटला की ते सापडत नाही.

आपल्या संस्थेकडे पाहताना

पॉक्सोच्या कलम १९ प्रमाणे, गुन्हा घडला वा घडण्याची शक्यता आहे असे समजल्यास ते कळवणे प्रत्येकावर बंधनकारक आहे. न कळवल्यास सहा महिन्यांपर्यंत शिक्षा. मुलांना स्वतःला ही शिक्षा लागू नाही. संस्थेच्या प्रमुखाने आपल्या हाताखालील माणसाचा गुन्हा दडवला, तर एक वर्षापर्यंत. वसतिगृह, अभ्यासिका, शिबिरे चालवणाऱ्या पदाधिकाऱ्यांनी हे वाचून सोडून देऊ नये. ‘संस्थेचे नाव खराब होईल, आपसात मिटवू’ ही भाषा अनेक ठिकाणी ऐकू येते, आणि गोव्याच्या त्या आश्रमाचेही नाव चांगलेच होते. चांगल्या हेतूने कळवलेली माहिती पुढे सिद्ध झाली नाही तरी कळवणाऱ्याला कायद्याचे संरक्षण आहे.

आणखी एक गोष्ट सांगितली तर संपादक मंडळ रागावणार नाही अशी आशा आहे. दरवर्षी गुणवंत विद्यार्थ्यांच्या सत्काराचे फोटो आपण मोठ्या अभिमानाने सर्वत्र टाकतो : मुलीचे पूर्ण नाव, शाळा, इयत्ता, गाव, गुण, आणि कधी वडिलांचा मोबाईल क्रमांकसुद्धा. ओळख वाढवू पाहणाऱ्या लबाड माणसाला यापेक्षा अधिक काय हवे? स्मरणिकेच्या काही शे प्रती ओळखीच्या घरांत जातात, मोबाईलवरील फोटो कोठेही जातो. सत्कार जरूर व्हावा. फोटो समूहाचा टाकावा, नावे पहिलीच द्यावीत, शाळा व क्रमांक गाळावेत, आणि पालकांना आधी विचारावे.

त्या बाबांना मी महिनाभराने भेटलो. तिन्ही ग्रुपवरून व्हिडिओ काढून टाकण्यासाठी त्यांनी तेव्हाच धडपड केली होती, पण ती मुदत उलटून गेली होती. प्रत्येक ग्रुपच्या अ‍ॅडमिनला भेटून त्यांनी तो काढायला लावला. मग आम्ही दोघे अभ्यासिकेतील संगणकासमोर बसलो. ज्या क्रमांकावरून व्हिडिओ आला होता तो त्यांनी चष्मा लावून एकेक आकडा वाचून दाखवला, आणि मी तो पोर्टलवर भरला. नाव द्यायचे की नाही, असे मी विचारले. ते म्हणाले, “लिहा माझे नाव. पोलिसांनी बोलावले तर जाईन.”